ठेकेदाराला काळ्या यादीत टाका! पण नोटीस नीट दिली का?

पाइपसाठी रस्ता खोदला, चर तशीच ठेवली आणि ठेकेदार गायब. सातारा-सांगलीकडच्या गावांच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर अशा वेळी हमखास मागणी येते, 'त्याला काळ्या यादीत टाका.'

राग रास्त आहे. पण रागाच्या भरात काढलेला आदेश कोर्टात टिकत नाही. मग दोषी ठेकेदार सुटतो, आणि दोष नसलेला छोटा ठेकेदार कोर्टात जाण्याआधीच संपतो.

दंड वेगळा, काळी यादी वेगळी

काम उशिरा झालं तर किती दंड, हे करारातच लिहिलेलं असतं. तो बिलातून कापला जातो. काळ्या यादीत नाव गेलं की पुढची टेंडरंच बंद होतात. इतर विभागही 'आधी कुठे काळ्या यादीत होता का?' असं विचारतात. म्हणजे प्रश्न थेट पोटापाण्याचा. म्हणूनच सुप्रीम कोर्टाने १९७४ मध्येच सांगितलं, की काळ्या यादीत टाकण्याआधी बाजू मांडायची संधी द्यावीच लागेल.

एका नोटिशीमुळे काय झालं?

भारतीय अन्न महामंडळाने वॉचमन भरतीची परीक्षा घ्यायचं काम एका कंपनीला दिलं होतं. २०१८ मध्ये पेपरफुटीचा आरोप झाला. महामंडळाने नोटीस काढली आणि पुढे कंपनीला ५ वर्षांसाठी काळ्या यादीत टाकलं. नोव्हेंबर २०२० मध्ये सुप्रीम कोर्टाने काळ्या यादीची ही कारवाई रद्द केली. कारण? 'तुम्हाला काळ्या यादीत टाकू शकतो' हे नोटिशीत लिहिलेलंच नव्हतं. आरोप एवढा गंभीर, पण कारवाई पडली ती कागदावरच्या चुकीमुळे.

उशीर नेमका कोणामुळे?

जुलै २०२५ मध्ये सांगली जिल्ह्यातल्या एका तरुण ठेकेदाराने आत्महत्या केली. जलजीवन मिशनच्या कामाचे सुमारे १ कोटी ४० लाख रुपये थकल्याचं ठेकेदार संघटनांनी सांगितलं. तो उपठेकेदार होता, त्याच्या नावावर बिल थकीत नाही, अशी सरकारची बाजू होती.

ही दंडाची केस नाही. पण रखडलेल्या कामामागे काय काय असू शकतं, ते यातून कळतं. काम थांबलं ते हलगर्जीपणामुळे, जागा न मिळाल्यामुळे, की बिल न निघाल्यामुळे? ठेकेदाराचं उत्तर ऐकल्याशिवाय हे कळणार नाही. बिल अडकवणारं खातं आणि उशिराचा ठपका ठेवणारं खातं एकच असेल, तर हे आणखी महत्त्वाचं. करार मोडला की नाही यावरच वाद असेल, तर निवाडा करारातल्याच एका पक्षाने करायचा नाही, असं सुप्रीम कोर्टाने १९८७ मध्ये म्हटलंय.

नीट कारवाई कशी असते?

- नोटिशीत आरोप, त्याचा आधार आणि संभाव्य शिक्षा स्पष्ट लिहिलेली असते.
- उत्तर द्यायला पुरेसा वेळ मिळतो.
- आदेशात ठेकेदाराचं म्हणणं का पटलं नाही, याची कारणं असतात.
- शिक्षेला मुदत असते. बीएसएनएलने एका कंपनीवर घातलेली कायमची बंदी सुप्रीम कोर्टाने २०१३ मध्ये जास्त ठरवली. केंद्राच्या २०१७ च्या वित्तीय नियमांनुसार एखादं खातं आपल्या टेंडरमधून जास्तीत जास्त २ वर्षं बाहेर ठेवू शकतं, तेही बाजू ऐकून.

तुम्ही काय करू शकता?

गावातलं पाणी योजनेचं काम रखडलं असेल, तर जिल्हा परिषदेच्या ग्रामीण पाणीपुरवठा विभागाकडे माहिती अधिकारात ४ गोष्टी मागा: ठेकेदाराला दिलेली नोटीस, त्याचं उत्तर, विभागाचा आदेश आणि आतापर्यंत दिलेल्या बिलांच्या तारखा. चूक ठेकेदाराची की खात्याची, याचा अंदाज या कागदांवरून येईल. आणि नोटीसच निघाली नसेल, तर पहिला जाब खात्याला विचारा.