त्लॉन आणि आपला वारसाहक्क

होर्हे लुइस बोर्हेस यांची ‘त्लॉन, उक्बार, ऑर्बिस टर्शियस’ ही कथा १९४० मध्ये ब्वेनोस आयरेसच्या ‘सुर’ या नियतकालिकात प्रसिद्ध झाली. भारतात ती वाचली जाते तेव्हा एक ठरावीक उद्गार कानी येतो : हे तर आपल्याकडे पूर्वीच सांगून झाले आहे. त्लॉन या कल्पित जगात संवेदनेवेगळी वस्तू नाही. आपल्याकडे विज्ञानवाद होता, मायावाद होता. सबब बोर्हेस आपल्याच घरचे. अभिमानाच्या या सुरात विचार किती आणि आळस किती, हे एकदा पाहिले पाहिजे.

विज्ञानवाद आणि मायावाद एका दमात उच्चारणे हाच पहिला प्रमाद. ब्रह्मसूत्रभाष्याच्या दुसऱ्या अध्यायात शंकराचार्यांनी विज्ञानवादाचे खंडन केले आहे. माणसाला उपलब्ध होतो तो खांब किंवा भिंत, खांबाची उपलब्धी नव्हे. आणि ‘बाह्यासारखे भासते’ असे म्हणणाऱ्याने ‘बाह्य’ हा शब्द आणला कोठून, असा त्यांचा रोखठोक प्रश्न आहे. पुढे त्यांनाच ‘प्रच्छन्न बौद्ध’ ठरविण्यात आले, हा इतिहासाचा विनोद निराळा. पण ज्याने घर पाडायला घेतले त्याला त्याच घरात बिऱ्हाडकरू म्हणून बसविण्याचा अधिकार समीक्षकाला कोणी दिला?

खुद्द वसुबंधूंचेही असेच. ‘विंशतिका’ सुरू होते न होते तोच ते प्रतिपक्षाचे आक्षेप मांडतात. बाह्य वस्तू नसेल तर एखादी गोष्ट विशिष्ट स्थळी व विशिष्ट काळीच का दिसते? एकालाच न दिसता तेथल्या साऱ्यांना का दिसते? स्वप्नातल्या अन्नाने भूक भागत नाही, जागेपणीच्या अन्नाने भागते, ती का? उत्तरे त्यांनी दिली. ती कुमारिलांना पटली नाहीत, उदयनांना पटली नाहीत. ‘श्लोकवार्तिका’तील निरालंबनवादाचे प्रकरण वाचणाऱ्याला हा वाद किती निकराचा होता ते कळते. प्रत्येक पक्षाला हरण्याची धास्ती होती, कारण प्रश्न मोक्षाचा होता.

आता त्लॉनकडे वळावे. तेथे एक पाखंडी नऊ तांब्याच्या नाण्यांचा दाखला देतो. मंगळवारी एका निर्जन वाटेवर एकाची नऊ नाणी हरवतात. गुरुवारी दुसऱ्याला त्याच वाटेवर चार सापडतात, बुधवारच्या पावसाने किंचित गंजलेली. शुक्रवारी तिसऱ्याला त्याच वाटेवर तीन मिळतात, आणि पहिल्याला स्वतःच्या घराच्या पडवीत दोन. मधल्या काळात ती कोणी पाहत नसतानाही होती, एवढेच त्याला म्हणायचे आहे. ही आपल्या नैयायिकांची प्रत्यभिज्ञा : ‘तेच हे’ या ज्ञानाला आधार काय? न्यायशास्त्राचा अभ्यासक येथे सावरून बसेल. त्लॉनचे पंडित मात्र मुद्द्याशी झुंजतच नाहीत. ‘हरवणे’ आणि ‘सापडणे’ हे शब्दच गैरलागू, असे सांगून ते मोकळे होतात. तिथल्या भाषेत हा प्रश्न धड विचारताही येत नाही. साम्य शोधायचेच तर ते त्या बिचाऱ्या पाखंड्याशी आहे, त्याला उडवून लावणाऱ्यांशी नाही. वारसाहक्काचे दावेदार नेमके उलट्या बाजूला जाऊन बसतात.

यावर एक प्रत्युत्तर संभवते. त्लॉनमध्येही प्रत्येक तत्त्वग्रंथात त्याचा प्रतिग्रंथ असावाच लागतो. मग हा पूर्वपक्ष नव्हे काय? हे साम्य सर्वांत फसवे आहे. पूर्वपक्ष मांडायचा तो त्याने आपल्याला पराभूत करू नये म्हणून. त्लॉनचे तत्त्वज्ञ सत्याच्या शोधात नाहीत, त्यांना हवा असतो विस्मय. दर्शन ही त्यांच्या लेखी अद्भुतसाहित्याची एक शाखा. न्यायसूत्रांच्या प्रारंभीच तत्त्वज्ञानाने निःश्रेयसाचा लाभ सांगितला आहे. तिथून विस्मयापर्यंतचे अंतर ज्याला दिसत नाही, त्याने दोहोंपैकी एकही काळजीपूर्वक वाचलेले नाही.

कथेतला अधिक बोचरा भाग ‘ह्रोन’चा आहे. एक पेन्सिल दोघे शोधतात. पहिल्याला ती सापडते, पण तो बोलत नाही. दुसऱ्याला दुसरीच सापडते, तितकीच खरी आणि त्याच्या अपेक्षेला अधिक जुळणारी. पुढे कैद्यांना जुन्या नदीपात्रात थडगी असल्याचे सांगून खणायला लावतात, आणि अपेक्षेतून पुरावशेष उपजू लागतात. भूतकाळ मग भविष्याइतकाच हवा तसा वळविता येतो. प्रत्येक परदेशी कृतीत आपला पूर्वज खणून काढणाऱ्या समीक्षेला याहून नेमके नाव मिळणे कठीण. तिला सापडलेला विज्ञानवाद हा ह्रोन आहे : वसुबंधूंच्या विज्ञानवादाहून सुबक, सोयीचा, आणि आक्षेपांवाचून.

१९४० मध्ये छापलेल्या या कथेला १९४७ ची तारीख घातलेली पुरवणी आहे. तीत जग त्लॉनला शरण जाते. त्याआधी दहा वर्षे व्यवस्थेचा नुसता आभास देणारी कोणतीही रचना माणसांना भुलवायला पुरेशी होती, असे सांगून निवेदक द्वंद्वात्मक भौतिकवाद, ज्यूद्वेष आणि नाझीवाद यांची नावे घेतो. शाळांतून त्लॉनचा सुसंगत इतिहास शिकविला जाऊ लागतो आणि लोकांच्या आठवणीतला इतिहास पुसला जातो. निवेदक स्वतः आद्रोगेच्या हॉटेलात बसून सर टॉमस ब्राउन यांच्या एका ग्रंथाचा, छापण्याचा मुळीच इरादा नसलेला अनुवाद तपासत राहतो. वर्गात या पानापर्यंत पोचायला वेळ उरत नाही. तास विज्ञानवादाच्या गौरवातच संपलेला असतो.