महापौरपदाची अमानत

नगरपालिकेला उर्दूत ‘बल्दिया’ म्हणतात. मराठवाड्यातील उर्दू बोलणाऱ्या घरांत आजही नळाला पाणी आले नाही की राग निघतो तो बल्दियावर. तुर्की भाषेतही हाच शब्द आहे, उच्चार तेवढा ‘बेलेदिये’. तुर्कस्तानचे राष्ट्राध्यक्ष रेजेप तय्यिप एर्दोगान, ज्यांना उर्दू वर्तमानपत्रे ‘रजब तय्यब’ लिहितात, ते याच बेलेदियेच्या दारातून सत्तेत आले.

त्यांच्याविषयी आपल्याकडे दोन ठाम मते आहेत. २०२० च्या रमजानमध्ये ‘एर्तुग्रुल’ ही तुर्की मालिका उर्दूत आली आणि अनेक मुस्लिम घरांत ती भक्तिभावाने पाहिली गेली. त्याच वर्षी आया सोफियात पुन्हा नमाज सुरू झाली. त्यामुळे काहींना एर्दोगान इस्लामचे शिलेदार वाटतात, तर नेमक्या याच कारणाने इतर काहींना धोकादायक. दोन्ही बाजू त्यांना धर्माच्याच काट्यावर तोलतात. ते निवडून कशाच्या जोरावर आले आणि त्या सत्तेचे त्यांनी पुढे काय केले, हे प्रश्न मागेच राहतात.

एर्दोगान यांचा जन्म १९५४ चा, इस्तंबूलच्या कासिमपाशा या कष्टकऱ्यांच्या वस्तीतला. वडील समुद्रावर नोकरीला. मुलाने रस्त्यावर लिंबूपाणी आणि तीळ लावलेले ‘सिमित’ पाव विकले, इमाम-हातिप शाळेत शिक्षण घेतले, फुटबॉल खेळला. पुढे नज्मेत्तिन एरबाकान यांच्या रेफाह म्हणजे कल्याण पक्षात त्यांनी तळापासून काम केले. १९८९ मध्ये बेयोग्लू या भागाच्या महापौरपदाची निवडणूक हरले. १९९१ मध्ये संसदेची जागा हाती येऊन निसटली. मार्च १९९४ मध्ये मात्र ते इस्तंबूलचे महापौर झाले. मते मिळाली जेमतेम पंचवीस टक्के. पण विरोधकांत फाटाफूट होती.

तेव्हाच्या इस्तंबूलमध्ये नळ कोरडे होते, रस्त्यावर कचऱ्याचे ढीग होते आणि हिवाळ्यात कोळशाच्या धुराने श्वास कोंडत असे. १९९३ मध्ये उमरानिये भागातील कचरा डेपोत साठलेल्या वायूचा स्फोट झाला आणि ढिगाऱ्याखाली घरे आणि माणसे गाडली गेली. एर्दोगान यांच्या काळात पाण्याच्या नव्या वाहिन्या आल्या, कचरा उचलला जाऊ लागला, कोळशाच्या जागी नैसर्गिक वायूचा वापर वाढला. महापालिकेच्या उपाहारगृहांत मद्य बंद केल्याबद्दल टीकाही झाली. रेफाहच्या नगरपालिकांनी रमजानमध्ये इफ्तारचे मोठे तंबू उभारले. तिथे गरीब, वाटसरू, कामावरून घरी निघालेला मजूर, कुणीही बसून जेवू शकत असे. मते मशिदीतून आली असे म्हणणे सोपे आहे. खरे तर ती नळातून आली.

डिसेंबर १९९७ मध्ये सिईर्त या गावी त्यांनी सभेत एक कविता म्हटली. पत्नी एमिने यांचे घराणे मूळचे याच गावचे. कवितेतील धार्मिक प्रतिमांमुळे द्वेष पसरवल्याचा ठपका आला, दहा महिन्यांची शिक्षा झाली आणि महापौरपद गेले. १९९९ मध्ये ते चार महिने पिनारहिसारच्या तुरुंगात होते. आता हा माणूस साधा ‘मुख्तार’, म्हणजे मोहल्ल्याचा प्रमुखही होऊ शकणार नाही, असे तेव्हा वर्तमानपत्रांत लिहून आले.

पुढचा भाग जास्त महत्त्वाचा आहे. २००१ मध्ये त्यांनी ‘न्याय आणि विकास पक्ष’ काढला. नोव्हेंबर २००२ च्या निवडणुकीत हा पक्ष चौतीस टक्के मतांवर मोठ्या बहुमताने जिंकला. पण जुन्या शिक्षेमुळे नेत्याला स्वतः उभेच राहता आले नव्हते. अब्दुल्ला गुल पंतप्रधान झाले. मग राज्यघटना बदलून एर्दोगान यांची वाट मोकळी करण्यात आली आणि त्या बदलाला अतातुर्क यांच्या धर्मनिरपेक्ष पक्षाने, म्हणजे प्रमुख विरोधी पक्षानेही साथ दिली. मार्च २००३ मध्ये पोटनिवडणूक झाली तीही सिईर्तमध्येच. जिथल्या कवितेने तुरुंग दाखवला, तिथल्याच मतदारांनी त्यांना संसदेत पाठवले. काही दिवसांतच ते पंतप्रधान झाले. २०१४ मध्ये थेट जनतेच्या मतांनी राष्ट्राध्यक्ष झाले आणि २०१७ च्या सार्वमतानंतर कारभाराची जवळजवळ सगळी सूत्रे त्याच पदाकडे आली.

या वाटचालीत चांगले काही घडलेच नाही, असे नाही. डोक्यावर रुमाल बांधला म्हणून विद्यापीठाच्या दारातून परत पाठवलेल्या मुलींना शिक्षणाचा आणि नोकरीचा हक्क मिळाला. सरकारे उलथवणाऱ्या लष्कराला लगाम बसला. २०१६ चा उठाव फसला तो रस्त्यावर उतरलेल्या सामान्य माणसांमुळेही. पण त्यानंतर आग्नेय भागातील कुर्दबहुल शहरांत लोकांनी निवडलेल्या महापौरांना काढून सरकारी प्रशासक बसवण्यात आले. प्रशासकाचा कारभार आपल्या शहरांनीही काही वर्षे पाहिला आहे. कारणे वेगळी असतील, पण दाद मागायला नगरसेवकच नसणे म्हणजे काय, हे इथल्या वाचकाला सांगावे लागत नाही.

२०१९ मध्ये इस्तंबूल विरोधकांकडे गेले. अतातुर्क यांच्याच पक्षाचे एक्रेम इमामोग्लू सुमारे तेरा हजार मतांनी महापौर झाले. ६ मे रोजी, रमजानच्या पहिल्याच दिवशी, निवडणूक आयोगाने तो निकाल रद्द केला. जूनमध्ये फेरमतदान झाले आणि फरक आठ लाखांवर गेला. इमामोग्लू यांनी स्वस्त जेवणाची शहर भोजनालये उघडली. म्हणजे मते पुन्हा ताटातूनच आली. २०२४ मध्ये, तेही रमजानमध्येच, ते पुन्हा निवडून आले.

१८ मार्च २०२५ रोजी विद्यापीठाने इमामोग्लू यांची पदवी रद्द केली. तुर्कस्तानात राष्ट्राध्यक्षपदाच्या उमेदवाराला पदवी लागते. दुसऱ्या दिवशी, ऐन रमजानात, त्यांना भ्रष्टाचाराच्या आरोपांवरून ताब्यात घेतले गेले आणि काही दिवसांत सिलिव्रीच्या तुरुंगात पाठवले गेले. त्याच आठवड्यात त्यांचा पक्ष त्यांना राष्ट्राध्यक्षपदाचे उमेदवार म्हणून निवडत होता. आरोप त्यांना मान्य नाहीत. न्यायालये स्वतंत्र आहेत, असे सरकार सांगते. आरोपांचे खरेखोटे पुराव्यावर ठरावे, त्याबद्दल वाद नाही. पण सगळ्यात बलवान प्रतिस्पर्ध्याची पदवी आणि मोकळीक एकाच आठवड्यात जाते, तेव्हा लोक शंका घेणारच. १९९९ मध्ये अशीच शंका एर्दोगान यांच्या समर्थकांनी घेतली होती, आणि ती रास्त होती.

इथे रमजानचा संबंध येतो. ज्या पवित्र ग्रंथाच्या अवतरणाचा हा महिना आहे, तो कुरआन अमानत ज्याची त्याला सोपवायला सांगतो आणि लगेच निवाडा न्यायाने करायला सांगतो. अमानत म्हणजे विश्वासाने सांभाळायला दिलेली ठेव. सत्ता ही तशीच ठेव आहे. कुणाशी वैर असले तरी त्यापायी न्याय सोडू नका, अशीही त्याची आज्ञा आहे. ही आज्ञा पाळणे सगळ्यात अवघड असते ते स्वतः अन्याय सोसून वर आलेल्याला, कारण आता आपली पाळी, असे त्याला वाटू लागते. तुर्कीत न्यायाला ‘अदालेत’ म्हणतात. आपली ‘अदालत’ त्याच मुळातली. एर्दोगान यांच्या पक्षाच्या नावात हा शब्द पहिला आहे.

२००२ मध्ये विरोधी पक्षाने ज्याच्यासाठी दार उघडायला साथ दिली, त्याच माणसाच्या राजवटीत त्या पक्षाच्या महापौरासमोर दार बंद होते, हे एर्दोगान यांच्या चाहत्यांनी शांतपणे पाहायला हवे. असा अन्याय दुसऱ्या धर्माच्या राज्यकर्त्याने केला असता तर आपण काय म्हटले असते, हा प्रश्न रोजेदाराने स्वतःला विचारावा. आणि एर्दोगान यांच्याकडे बोट दाखवून एका अख्ख्या समाजाबद्दल मत बनवणाऱ्यांनीही एक गोष्ट ध्यानात घ्यावी. इस्तंबूलच्या रस्त्यावर उतरून महापौराची सुटका मागणाऱ्या गर्दीतही रोजा धरलेली माणसे होती.