विश्वनागरिक आणि इतिहासाची शिडी

आमच्या सुशिक्षित वर्गांत अलीकडे एक मत फार बळावलें आहे. अठराव्या शतकांतील युरोपीय तत्त्ववेत्त्यांनीं सर्व मानवजात एक आहे म्हणून जो घोष केला, तो साम्राज्याच्या स्वारीपुढें वाजविलेला चौघडा होय, असें हें मत. याच्या उलट दुसरा एक पंथ आहे. इतिहास हा पायऱ्यापायऱ्यांनीं वर चढणारा जिना असून ज्यांस वरची पायरी गांठतां आली नाहीं त्यांनीं खालूनच हात जोडावे, असें तो गृहीत धरून चालतो. हे दोघे एकमेकांचे हाडवैरी दिसतात. पण एका गोष्टीवर त्यांचें एकमत आहे, आणि नेमकी तीच गोष्ट आम्हांस साफ नाकबूल आहे. विश्वनागरिकाचा हक्क आणि प्रगतीची शिडी या दोन वस्तु एकाच लांकडाच्या आहेत, असें दोघेहि समजतात. आमचें म्हणणें असें कीं, शिडी मोडून टाकली तरी हक्क उभा राहतो. किंबहुना शिडी मोडल्यावरच तो नीट उभा राहतो.

शिडीचे दोष झांकण्याची आमची मुळींच इच्छा नाहीं. इमान्युएल कांट यानें १७८४ सालीं बर्लिनच्या एका मासिकांत विश्वनागरिकाच्या दृष्टीनें जगाचा इतिहास कसा लिहावा यावर नऊ सिद्धांतांचा एक निबंध लिहिला. माणसांचीं भांडणें, त्यांचा लोभ व त्यांची मानाची हांव यांच्याच रेट्यानें मनुष्याच्या शक्ति विकास पावतात आणि अखेर न्यायाच्या राज्याकडे व राष्ट्रांच्या संघाकडे वाट निघते, असा त्याचा आशय. त्यांतच, आपलें खंड पुढें बहुधा इतर सर्व खंडांस कायदे घालून देईल, असेंहि तो कंसांत सहज बोलून जातो. मोठ्या लेखकांचें अंतरंग पाहावयाचें तर त्यांचे कंस वाचावे!

पुढच्याच वर्षीं त्यानें आपला जुना विद्यार्थी हर्डर याच्या ग्रंथाचें परीक्षण केलें. प्रत्येक लोकसमूहाच्या सुखाचा मध्यबिंदु त्याच्या स्वतःच्याच ठायीं असतो, हा हर्डरचा आवडता विचार. त्यावर कांटचा प्रश्न असा कीं, ताहितीचे सुखी लोक सुधारलेल्या राष्ट्रांच्या भेटीवांचून हजारों शतकें आळसांत राहिले, तर ते जन्मास तरी कां आले? त्या बेटावर सुखी मेंढ्या व गुरें असतीं तर काय बिघडलें असतें? हा प्रश्न क्रूर आहे. जो प्राणी स्वतःच आपलें साध्य आहे म्हणून हाच तत्त्ववेत्ता इतरत्र ठासून सांगतो, त्याच्या असण्याचा दाखला येथें तो मागत आहे, आणि तोहि युरोपाच्या कचेरींतला!

या शिडीच्या पोटांत मुळांतच एक अन्याय आहे. आधींच्या पिढ्यांनीं विटा वाहाव्या आणि शेवटच्या पिढीनें घरांत राहावें, असा तिचा हिशेब. स्वतः कांटलाहि तो चमत्कारिक वाटला होता व तसें त्यानें त्याच निबंधांत नमूद केलें. मोझेस मेंडेल्सझोन यानें तर १७८३ सालींच सांगून टाकलें होतें कीं, पुढें जातो तो एकेक मनुष्य. अखिल मानवजात मागेंपुढें हेलकावे खाते, इतकेंच. म्हणजे शिडीवर शंका घेणारे त्याच युगांत, त्याच भाषेंत होते. हें आमच्या आक्षेपकांच्या गांवींहि नसतें.

आतां १७९५ सालच्या कांटच्या शाश्वत शांततेवरील लहानशा पुस्तकाकडे वळूं. विश्वनागरिकाचा म्हणून जो हक्क तो येथें सांगतो, तो अतिशय आंखूड आहे: परक्याच्या भूमीवर पाय ठेवणाऱ्यास केवळ परका म्हणून शत्रूसारखें वागवूं नये. त्याला राहून घेण्याचा हक्क नाहीं. येऊन भेटण्याचा, ओळख करून घेण्याचा आहे. त्याला परत लावून देतां येईल, पण तसें केल्यानें त्याचा नाश होणार नसेल तरच. या हक्कास आधार कशाचा? इतिहासाचा नव्हे, सुधारणेचा नव्हे, पृथ्वीच्या गोलाकाराचा! भूपृष्ठाला सीमा आहे, माणसें अनंतापर्यंत पांगूं शकत नाहींत, शेवटीं एकमेकांशेजारीं त्यांना राहावेंच लागतें, आणि मुळांत एखाद्या जागेवर एकाचा हक्क दुसऱ्याहून अधिक नसतो. येणारा मनुष्य कोणत्या पायरीवर उभा आहे, हें या युक्तिवादांत कोणी विचारीतच नाहीं. भूमितीला पायऱ्या ठाऊक नाहींत.

आणि हा हक्क मांडून होतांच कांट तो कोणावर रोखतो तें पाहा. व्यापाराच्या वखारी घालण्याच्या निमित्तानें हिंदुस्थानांत परके सैन्य आणणारे, राज्याराज्यांत लढाया लावणारे, दुष्काळ व बंडाळी मागें ठेवणारे युरोपीय यांच्यावर! पाहुणा आणि लुटारू यांतील भेद सांगण्यासाठींच हा हक्क इतका आंखूड कापला आहे. हें पुस्तक निघालें त्याच वर्षीं मराठे खर्ड्यावर निजामाशीं लढले होते. कोनिग्सबर्गच्या परिसराबाहेर क्वचितच पाऊल टाकलेल्या एका म्हाताऱ्या अध्यापकानें आपल्या देशावरील संकटाचें निदान केलें आहे, याचा पुण्यास पत्ताहि नव्हता.

याच पुस्तकाच्या पुरवणींत निसर्गच व्यापाराच्या बळावर शांतता घडवून आणील असा भरंवसा दिला आहे, हें आम्हांस कोणी सांगावयास नको. पण भरंवसा निराळा आणि पुरावा निराळा. पुरवणी फाडून टाकली तरी आतिथ्याच्या हक्काचें एकहि वाक्य खालीं पडत नाहीं.

याच्या उलट, हक्क फेंकून देऊन नुसती शिडी हातीं घेतली म्हणजे काय होतें, हें पाहण्यास दूर जावें लागत नाहीं. जेम्स मिल यानें हिंदुस्थानांत कधीं पाऊल न टाकतां, आणि तेंच आपल्या निःपक्षपाताचें भूषण मानून, १८१७ सालीं ब्रिटिश हिंदुस्थानचा इतिहास प्रसिद्ध केला. त्यांत सुधारणेच्या मापपट्टीवर हिंदूंस बरेंच खालीं टांगलें आहे. पुढें हाच ग्रंथ हेलिबरीच्या विद्यालयांत कंपनीच्या भावी अंमलदारांपुढें ठेवण्यांत आला. त्याच्या पुत्रानें १८५९ सालीं, रानटी लोकांच्या बाबतींत, त्यांची सुधारणा हा हेतु असेल तर, एकतंत्री सत्ता योग्य आहे असें लिहिलें. आणि तेंहि स्वातंत्र्यावरील पुस्तकांत! या पितापुत्रांस विश्वनागरिकत्वानें बिघडविलें असें म्हणणाऱ्यांनीं त्यांच्या ग्रंथांत पाहुण्याच्या मर्यादेचा तो एक परिच्छेद शोधून दाखवावा.

तेव्हां पहिल्या पंथास आमचा प्रश्न असा कीं, तुम्ही हा हक्क टाकून कोणत्या आधारें बोलणार? रेनालच्या दोन्ही इंडीजच्या इतिहासांत दिदरोनें वसाहतवाल्यांवर जे कोरडे ओढले, त्यांपायीं पॅरिसच्या न्यायपीठानें १७८१ सालीं तो ग्रंथ जाळविला. तेहि चौघडेवालेच काय? आणि जीवावर बेतेल तेथें निर्वासितास परत लोटूं नये, हें कलम १९५१ च्या आंतरराष्ट्रीय करारांत आहे. हिंदुस्थानानें त्या करारावर सही केलेली नाहीं, ही गोष्ट या पंथास भूषणाची वाटते कीं काय, हेंहि त्यानें एकदां स्पष्ट करावें.

दुसऱ्या पंथाचें समाधान तर त्याहून कठीण. त्याचा लाडका विश्वनागरिक चीन आणि जपान यांविषयीं काय म्हणतो? असले पाहुणे अनुभवल्यावर चीननें त्यांस किनाऱ्यापर्यंतच येऊं दिलें आणि जपाननें एकट्या डचांस, तेंहि बंदिवानांसारखें लोकांपासून वेगळें ठेवून, थारा दिला, हें त्यांचें करणें त्यानें शहाणपणाचें ठरविलें आहे. दार लावून घेणाऱ्यांस त्यानें मागासलेले म्हटलें नाहीं. दोष ठेवला तो दार ठोठावणाऱ्यांच्या वर्तनावर.