परवाना आहे, होल्स्टरचं काय?

उल्हासनगरच्या हिललाइन पोलीस ठाण्यात २ फेब्रुवारी २०२४ रोजी गोळीबार झाला. शिवसेनेचे महेश गायकवाड जखमी झाले आणि कल्याण पूर्वचे तत्कालीन आमदार गणपत गायकवाड यांना अटक झाली. अशा घटनेनंतर चर्चा रंगते ती परवाना कुणाला मिळाला याची. हत्यार बाळगलं कसं जातं, हा प्रश्न मागेच पडतो.

शस्त्र नियम २०१६ स्पष्ट आहेत. सार्वजनिक ठिकाणी पिस्तूल होल्स्टरसारख्या आवरणात, पूर्ण झाकलेलं आणि ताब्यात हवं. कमरेला नुसतं खोचलेलं पिस्तूल त्यात बसत नाही.

धोका खुद्द बाळगणाऱ्यालाही असतो: अभिनेते गोविंदा यांच्या पायात १ ऑक्टोबर २०२४ रोजी स्वतःच्याच रिव्हॉल्व्हरची गोळी घुसली.

होल्स्टर घेताना चाप पूर्ण झाकला जातो का, हे आधी पाहावं. मऊ पडलेलं चामडं आत दुमडलं, तर पिस्तूल परत ठेवताना चाप दाबला जाऊ शकतो. त्यापेक्षा त्याच मॉडेलच्या मापाचं कडक होल्स्टर बरं. डोंबिवलीच्या गर्दीत हिसका बसला तरी हत्यार निसटता कामा नये. रेंजवर पिस्तूल काढण्याइतकाच ते परत ठेवण्याचाही सराव व्हावा: बोट चापापासून दूर, नजर होल्स्टरवर, घाई अजिबात नाही.

परवान्याच्या नूतनीकरणावेळी ठाणे पोलीस आयुक्तालयानं कागदपत्रांसोबत होल्स्टरही तपासावं.