विश्लेषण : वडील की बायको? ‘सिटी गर्ल’मधला मुलगा गप्प का राहतो?

घरात वडिलांचा शब्द अखेरचा, नव्या सुनेचा अपमान होतो आणि नवरा खाली मान घालून उभा राहतो. अनेक घरांत घडणारा हा प्रसंग जर्मन दिग्दर्शक एफ. डब्ल्यू. मुर्नाऊ यांनी अमेरिकेतील गव्हाच्या शेतात चित्रित केला. ‘सिटी गर्ल’ १९३० मध्ये प्रदर्शित झाला, पण त्यातला प्रश्न आजही जुना वाटत नाही.

कथा काय आहे?

मिनेसोटातील शेतकऱ्याचा मुलगा लेम गहू विकायला शिकागोला जातो. भाव कोसळतात आणि वडिलांनी ठरवून दिलेल्या दरापेक्षा कमी पैशांत त्याला गहू विकावा लागतो. तिथेच खाणावळीत राबणारी, गावाची स्वप्ने पाहणारी केट त्याला भेटते. दोघे लग्न करून घरी येतात. सून पैशांसाठीच आली, असे ठरवून सासरा तिच्या थोबाडीत मारतो.

दोष कोणाचा?

सासरा खलनायक वाटतो. पण त्याच्या रागामागे भीती आहे. वर्षभराची कमाई बाजारभावावर आणि आभाळावर टांगलेली असते. केटचे मन मोडते ते नवऱ्यामुळे. लेम तिच्यावर नजर ठेवणाऱ्या मजुराशी मारामारी करतो, पण वडिलांसमोर ठाम उभा राहत नाही. गारपिटीच्या धास्तीने रातोरात कापणी सुरू असताना वडिलांनी झाडलेली गोळी मुलाला लागता लागता राहते, तेव्हा कुठे म्हातारा वरमतो. म्हणजे मुलाने जे बोलायला हवे होते, ते बंदुकीने बोलून टाकले. शेवट गोड असला तरी ही उणीव खटकते.

बोलपटाने काय साधले?

चित्रीकरण १९२८ मध्ये ओरेगॉनमध्ये झाले. तोवर बोलपटांची लाट आली होती. मुर्नाऊ बाहेर पडल्यावर फॉक्स स्टुडिओने त्यात संवादांची दृश्ये घातली. ती आवृत्ती आज उपलब्ध नाही. टिकली ती मूक आवृत्ती, आणि तीच या कथेला शोभते. कारण हा चित्रपटच न बोललेल्या शब्दांविषयी आहे.

मग कर्तव्य कशाला म्हणायचे?

वडिलांचा मान राखणे आणि बायकोच्या अपमानावर गप्प बसणे, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. लेमची गल्लत इथेच होते. प्रेम की कुटुंब, अशी निवड त्याला करायचीच नव्हती. ‘हिच्यावर हात उचलायचा नाही,’ एवढेच वेळेवर सांगायचे होते.