स्टेटमेंटवरचं अनोळखी नाव आणि तीन दिवसांची मुदत

कार्डाच्या स्टेटमेंटवर अनोळखी नाव दिसलं, की मी आधी तारीख आणि रक्कम बघतो. नाव अनेकदा फसवं असतं. दुकानाच्या पाटीवरचं नाव तिथे येईलच असं नाही, कंपनीचं नोंदणीकृत किंवा पेमेंट गेटवेचं नावही येतं. झोमॅटोची मूळ कंपनी 2025 पासून 'इटर्नल' आहे, हे किती जणांना माहीत असेल? घरच्यांना विचारा, ईमेलमध्ये तीच रक्कम शोधा.

पण यात दिवस घालवू नका. चूक तुमचीही नाही आणि बँकेचीही नाही, अशा व्यवहाराची तक्रार तीन कामकाजी दिवसांत केली तर तुमच्यावर भार शून्य, असं रिझर्व्ह बँकेचं जुलै 2017 चं परिपत्रक सांगतं. मेख अशी, की हे दिवस बँकेचा मेसेज आल्यापासून मोजतात. महिनाअखेरच्या स्टेटमेंटची वाट बघितलीत तर मुदत केव्हाच संपलेली! एसएमएस अलर्ट बंद असतील तर आजच सुरू करा. (ओटीपी आपणच सांगितला असेल, तर तक्रार करेपर्यंतचं नुकसान आपलं.)

कार्ड ब्लॉक करा, तक्रार क्रमांक लिहून ठेवा. बँकेने दहा कामकाजी दिवसांत रक्कम तात्पुरती जमा करायची असते. आणि कस्टमर केअरवाला 'पुरावा द्या' म्हणाला, तर त्याच परिपत्रकाचं नाव घ्या: चूक ग्राहकाची होती हे सिद्ध करायचं काम बँकेचं आहे.