पॅकार्डचं दुसरं पुस्तक वाचा

जाहिरातींवर टीका करायची म्हटली की व्हान्स पॅकार्ड या अमेरिकन पत्रकाराचं नाव निघतं, आणि त्याच्या नावापुढे पुस्तक एकच येतं: १९५७ सालचं ‘द हिडन पर्स्वेडर्स’. ते तुफान खपलं. माझ्या मते ते त्याचं सर्वांत गाजलेलं आणि सर्वांत कच्चं पुस्तक आहे.

पॅकार्ड १९१४ मध्ये पेनसिल्व्हेनियातल्या शेतकरी घरात जन्मला. कोलंबिया विद्यापीठात पत्रकारिता शिकला आणि ‘अमेरिकन मॅगझिन’मध्ये वर्षानुवर्षं लिहीत राहिला. १९५६ मध्ये ते बंद पडलं. तिथून ‘कॉलियर्स’मध्ये गेला, तर त्याच डिसेंबरात तेही गुंडाळल्याचं जाहीर झालं. जाहिरातदार टीव्हीकडे वळले होते. ज्यांच्या पैशावर घर चाललं आणि जे फिरल्यावर नोकरी गेली, त्यांचीच लक्तरं त्याने काही महिन्यांत वेशीवर टांगली. सूड? तसं म्हणवत नाही, कारण पुस्तकाचं काम आधीपासूनच चालू होतं.

त्यातलं मुख्य पात्र अर्नेस्ट डिक्टर. व्हिएन्नाहून आलेला हा मानसशास्त्रज्ञ कंपन्यांना सांगायचा की उघड्या टपाची गाडी पुरुषाला प्रेयसीसारखी दुकानात ओढते, पण तो घरी नेतो ती सेडान, बायकोसारखी. डिक्टर स्वतःच एक विक्रेता होता. आपण गिऱ्हाइकाच्या मनाच्या तळघरात शिरू शकतो, हा त्याचा विकायचा माल. पॅकार्डने तो फारशी उलटतपासणी न करता घेतला आणि त्याला भीतीचा मुलामा दिला. पुस्तकामुळे डिक्टरचं नाव अमेरिकाभर पोचलं आणि धंद्याला बरकतच आली. टीकाकाराने फुकटात केलेली जाहिरात, दुसरं काय!

१९६० सालचं ‘द वेस्ट मेकर्स’ मात्र वेगळ्या धातूचं आहे. इथे मनाची गूढं नाहीत, कारखाना आहे. वस्तू जुनी ठरवण्याच्या तीन तऱ्हा पॅकार्ड सांगतो. नवी वस्तू खरोखरच जास्त चांगलं काम करते, ही पहिली, आणि तिच्याबद्दल त्याची तक्रार नाही. दुसरी, ठरावीक काळात झिजेल किंवा मोडेल अशीच वस्तू बनवायची. तिसरी सर्वांत चलाख: वस्तू धडधाकट असतानाच ती मालकाच्या मनातून उतरवायची. यासाठी सुप्त मनात वगैरे उतरावं लागत नाही. दरवर्षी गाडीचा आकार थोडा बदलला की शेजाऱ्याच्या फाटकातली नवी गाडी उरलेलं काम करते. आजचा मोबाइल दुसऱ्या आणि तिसऱ्या तऱ्हेचा संगम आहे. बॅटरी आत चिकटवलेली, आणि मागच्या कॅमेऱ्यांची मांडणी अशी की कुणाचा फोन कोणत्या साली घेतलेला आहे ते लांबूनही कळावं.

स्वतः पॅकार्ड मात्र कनेक्टिकटमधल्या न्यू केननसारख्या श्रीमंत उपनगरात राहायचा. टीकाकारांना ते आयतंच सापडलं. मला तो आक्षेप थिटा वाटतो; टीका करणारा कुठे राहतो यावरून टीका खोटी ठरत नाही. शिवाय तो वस्तूंपाशीच थांबला नाही: लोकांच्या खासगी माहितीच्या साठ्यांबद्दलचा त्याचा इशारा तर फार लवकर आला होता. १९६४ मध्ये ‘द नेकेड सोसायटी’ आलं, १९६६ मध्ये अमेरिकन काँग्रेसच्या समितीपुढे त्याने साक्षही दिली. १९९६ मध्ये तो गेला.

आपल्याकडे ग्राहक चळवळीचा भर भेसळ, वजनमाप आणि फसव्या दाव्यांवर राहिला, आणि ते गरजेचंच होतं; पण लवकर मोडणाऱ्या वस्तूंचा पॅकार्डचा प्रश्न उरतोच. केंद्र सरकारने डिसेंबर २०२२ मध्ये ‘राइट टू रिपेअर’ म्हणजे दुरुस्तीच्या हक्काचं पोर्टल काढलं, पण पोर्टल म्हणजे कायदा नव्हे. तो येईपर्यंत एवढं करता येईल: मिक्सर, फ्रिज किंवा फोन घेताना किती टक्के सूट हे विचारून झालं, की सुटे भाग किती वर्षं मिळतील हेही विचारा. आणि जे उत्तर मिळेल ते बिलावर लिहून मागा.